एका माणसाचा सिनेमा

टोकियोतला एक नोकरदार आरशासमोर दाढी करतोय. गालाला काहीतरी लागतं. निरखून पाहतो तर कातडीतून धातूचं टोक वर आलेलं! पुढच्या तासाभरात त्याचं अख्खं शरीर तारा, नळ्या आणि लोखंडानं भरून जातं. १९८९चा ‘तेत्सुओ: द आयर्न मॅन’ हा कृष्णधवल चित्रपट जेमतेम ६७ मिनिटांचा. तो संपला की मनात एकच प्रश्न उरतो: हे केलं कसं?

ना मोठा स्टुडिओ, ना हाताशी पैसा. दिग्दर्शक शिन्या त्सुकामोतो यांनी १६ मिलिमीटरच्या फिल्मवर, भंगारातल्या वस्तू नटांच्या अंगावर चिकटवून हे जग उभं केलं. बरंचसं चित्रण तर सहकलाकार केई फुजिवारा यांच्या राहत्या घरात झालं. यातली माणसं पाय न उचलता रस्त्यावरून सुसाट सरकतात. त्यामागची युक्ती ऐकायला सोपी आहे. नटानं स्थिर उभं राहायचं, एक चौकट टिपायची. त्यानं किंचित पुढे सरकायचं, पुन्हा एक चौकट. पडद्यावरच्या एका सेकंदाला अशा २४ चौकटी लागतात. त्या अंगावर येणाऱ्या वेगामागे केवढा संथ, चिवट धीर आहे!

लेखन, दिग्दर्शन, संकलन, कलादिग्दर्शन, प्रकाशयोजना सगळं त्सुकामोतोंचंच. फुजिवारांबरोबर कॅमेराही त्यांनीच सांभाळला आणि नायकाच्या मागे लागलेला धातुवेडा माणूसही तेच झाले. त्याच वर्षी रोमच्या फँटाफेस्टिव्हलमध्ये हा सर्वोत्कृष्ट चित्रपट ठरला.

१९६०मध्ये टोकियोत जन्मलेल्या या माणसानं चौदाव्या वर्षी ८ मिलिमीटरचा कॅमेरा हाती घेतला होता. पैसा नाही म्हणून सगळी कामं एकट्यानं केली, असं म्हणावं, तर नाव झाल्यावरही ती सवय सुटली नाही. ‘टोकियो फिस्ट’मध्ये (१९९५) मुष्टियोद्ध्याकडून मार खाणारा विमा विक्रेता ते स्वतः आणि मुष्टियोद्धा त्यांचा सख्खा भाऊ कोजी. शरीराला काय सोसावं लागतं, हाच त्यांचा विषय. ते सोसणं त्सुकामोतो आधी स्वतःच्या अंगावर घेतात. मार्टिन स्कॉर्सेसींच्या ‘सायलेन्स’मध्ये (२०१६) समुद्राच्या लाटांत क्रूसावर प्राण सोडणारा मोकिचीही तेच.

या ध्यासाचं सर्वांत मोठं फळ म्हणजे ‘फायर्स ऑन द प्लेन’ (२०१४). शोहेई ओओका यांच्या मूळ कादंबरीत फिलिपिन्सच्या जंगलात जपानी सैनिक भुकेनं माणूसपण गमावत जातात. कोन इचिकावांनी १९५९मध्ये ती पडद्यावर आणली होती. तीच पडद्यावर आणण्याचं स्वप्न त्सुकामोतोंनी वर्षानुवर्षं जपलं. पैसे लावायला कुणी पुढे येईना, तेव्हा निर्मितीही स्वतःच केली आणि खंगलेला सैनिक तामुराही स्वतःच साकारला. त्या भुकेसमोर कॅमेऱ्यामागचा माणूस आणि पुढचा माणूस यांच्यात अंतरच उरत नाही. जपानच्या माइनिची चित्रपट पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट दिग्दर्शक आणि सर्वोत्कृष्ट अभिनेता, दोन्ही मान या एकाच चित्रपटासाठी एकाच माणसाला मिळाले, ते म्हणूनच इतके सार्थ वाटतात.