डेकला टोकं दोनच, पोट मात्र प्रत्येकाचं वेगळं

सांगलीत विश्रामबागला वालचंद अभियांत्रिकी महाविद्यालय १९४७पासून आहे, कराडचं शासकीय अभियांत्रिकी महाविद्यालय १९६०पासून. या पट्ट्यात डेटा स्ट्रक्चर शिकलेल्या कुणालाही डेक म्हणजे काय असं विचारलं, की तोंडी परीक्षेतलं उत्तर येतं: दोन्ही टोकांनी घालता आणि काढता येणारी रांग. पाठोपाठ इनपुट-रिस्ट्रिक्टेड, आउटपुट-रिस्ट्रिक्टेड हे प्रकारही. उत्तर बरोबरच आहे. पण डेक काय करतो एवढंच त्यातून कळतं. तो आतून कसा बांधायचा हे प्रत्येक भाषेची लायब्ररी आपापलं ठरवते, आणि गैरसमज होतात ते तिथे.

गैरसमज: डेक म्हणजे आतून लिंक्ड लिस्टच.

जावाच्या अरेडेकमध्ये लिंक्ड लिस्टचा मागमूस नाही. २००६ साली जावा ६बरोबर आलेला हा वर्ग साधा ॲरे वापरतो. शेवटच्या खणापर्यंत पोचलं की पुन्हा पहिल्या खणापासून भरायला सुरुवात होते. डोकं कुठे आणि शेपूट कुठे हे दोन आकडे सांगतात. जागा संपली की मोठा ॲरे घेऊन सगळा ऐवज तिकडे हलवला जातो. रांगेसाठी लिंक्डलिस्टपेक्षा हाच बहुधा वेगवान ठरेल, असं जावाच्या अधिकृत माहितीतच लिहिलंय.

सी++चा मार्ग तिसराच. जीसीसीबरोबर येणाऱ्या लायब्ररीत डेक म्हणजे साधारण ५१२ बाइटचे तुकडे आणि त्या तुकड्यांचे पत्ते सांभाळणारा एक तक्ता. क्लँगच्या लायब्ररीत हाच तुकडा ४०९६ बाइटचा. टोकाला नवा घटक आला तरी जुने घटक जागचे हलत नाहीत, त्यामुळे त्यांचे आधी घेऊन ठेवलेले पत्ते चालू राहतात. व्हेक्टरमध्ये ही खात्री नाही, आणि माझ्या मते डेक निवडायचं हे सर्वांत दुर्लक्षित कारण आहे. राहिला पायथन: तिथे ६४-६४ घटकांचे तुकडे एकमेकांना जोडलेले असतात. म्हणजे ‘लिंक्ड लिस्ट’ हे उत्तर पायथनपुरतं अर्धं खरं.

गैरसमज: क्रमांक सांगितला की कुठलाही घटक लगेच मिळतो.

सी++मध्ये मिळतो. पायथनमध्ये टोकांजवळ लगेच, मध्यभागी नाही: एक लाख घटकांच्या डेकमधला पन्नास हजारावा हवा असेल तर सुमारे ७८० तुकडे ओलांडत जावं लागतं. अरेडेकमध्ये क्रमांकाने मागायची सोयच नाही.

गैरसमज: डेकची फाइल जोडली की तयार लायब्ररी प्रोग्राममध्ये येते.

लिनक्सवर जीसीसीच्या फोल्डरमध्ये ‘डेक’ नावाची, पुढे कुठलंही एक्स्टेन्शन नसलेली फाइल असते. उघडून पाहिली तर निराशा होते, कारण ती छोटीशी असते आणि दुसऱ्या फाइलींकडे बोट दाखवते. खरा मजकूर तिकडे, तोही टेम्प्लेटच्या रूपात. तुम्ही कोणत्या प्रकारचा डेक मागता ते पाहून कंपायलर त्यापुरतं यंत्रसंकेत तयार करतो. टर्बो सी++वर हात बसलेल्यांना वाटतं की डेक स्वतःच लिहायची गोष्ट आहे. त्यांचाही दोष नाही: सी++चं पहिलं प्रमाणक १९९८चं, टर्बो त्याच्या आधीचा. त्यात ही फाइल असणार कुठून?

अनेक थ्रेड एकाच डेकवर सोडण्याबद्दल थोडक्यात सांगायचं तर पायथनमध्ये दोन्ही टोकांची घाल-काढ सुरक्षित आहे, अरेडेकमध्ये नाही. जावात त्यासाठी लिंक्डब्लॉकिंगडेक आहे.

गैरसमज: एकाच कामात दोन्ही टोकं लागतात कुठे?

सातारा जिल्ह्यातल्या कोयना धरणातून पाणी सुटलं, की कराडला कृष्णेत मिसळून ते सांगलीच्या आयर्विन पुलापाशी येतं. २०१९च्या महापुरात तिथली पातळी ५७ फुटांवर गेली होती. समजा दर तासाला पातळीची नोंद येते आणि गेल्या २४ तासांतली कमाल पातळी सतत हवी आहे. दर वेळी चोवीसही आकडे चाळण्याची गरज नाही. नवी नोंद आली की डेकच्या मागच्या टोकाकडून तिच्याहून लहान नोंदी काढून टाकायच्या, कारण त्या आता कधीच कमाल ठरणार नाहीत. पुढच्या टोकाची नोंद २४ तासांपेक्षा जुनी झाली की ती तिथून काढायची. ३८, ४१, ४०, ४३ असे आकडे आले तर ४१ येताच ३८ जातो, ४० मागे उभा राहतो आणि ४३ आल्यावर ४० व ४१ दोन्ही जातात. कमाल आकडा नेहमी पुढच्या टोकाला तयार. प्रत्येक नोंद एकदाच आत येते आणि फार तर एकदाच बाहेर जाते, म्हणून वर्षभराच्या नोंदी असल्या तरी काम नोंदींच्या संख्येच्याच प्रमाणात वाढतं.

गेल्या २४ तासांतल्या सगळ्याच नोंदी ठेवायच्या असतील तर पायथनच्या डेकला मॅक्सलेन २४ अशी मर्यादा घालता येते. इथे शेवटचा गैरसमज: डेक भरला की तो तक्रार करेल. करत नाही. पंचविसावी नोंद मागून घातली की पुढची सर्वांत जुनी नोंद निमूटपणे जाते. पूर ओसरल्यावर पहिल्या रात्रीचे आकडे हवे असतील, तर ते डेकमध्ये टाकतानाच फाइलमध्येही लिहून ठेवलेले असायला हवेत.