गेमचा माइक सुरू, पण ऐकतंय कोण?

आखाडा बाळापूरचा एक, नांदेडला शिकणारा त्याचा भाऊ आणि पुण्यातला मित्र. रात्री तिघेही 'बीजीएमआय'च्या एकाच स्क्वॉडमध्ये. समोरून गोळ्या सुटत असताना टाइप कोण करणार? बोलावंच लागतं.

गेममधलं माइकचं बटण पहिल्यांदा दाबलं की फोन परवानगी मागतो. घाईत 'नाही' म्हटलं असेल तर फोनच्या सेटिंग्जमध्ये 'अ‍ॅप्स', तिथे गेम, मग 'परमिशन' उघडून मायक्रोफोन सुरू करा. 'अ‍ॅप वापरतानाच' एवढी परवानगी पुरते.

आवाज फाटतोय? बऱ्याचदा दोष ब्लूटूथचा. माइक सुरू होताच हेडसेट कॉलच्या मोडमध्ये जातो, आवाजाचा दर्जा घसरतो, तो उशिराही येतो. स्वस्तातला वायरचा इअरफोन इथे महागड्या बड्सना भारी पडतो.

खरी मेख 'टीम' आणि 'ऑल'मध्ये आहे. 'ऑल' ठेवलं तर खेळात जवळपास असलेल्या अनोळखी खेळाडूंनाही सगळं ऐकू जातं. आईने नाव घेऊन मारलेली हाकसुद्धा. मुलांच्या फोनवर 'टीम'च ठेवा. पण टीम रँडम असेल तर तिथेही अनोळखी आलेच; त्यांना म्यूट करा. कुणी फोटो, नंबर, ओटीपी मागितला तर स्क्रीनशॉट काढून गेममध्येच रिपोर्ट करा. पैसे गेले असतील तर लगेच १९३० लावा.