पुकारा झाला, उत्तर नाही

दिवाणी न्यायालयाच्या दाराशी उभा राहून शिपाई वादीच्या नावाचा पुकारा करतो. एकदा, दोनदा, तिसऱ्यांदा. व्हरांड्यातील माणसे मान वळवून पाहतात. पुढे कोणीच येत नाही. आत न्यायाधीश रोजनाम्यावर दोन ओळी लिहितात, आणि कित्येक वर्षे चाललेला बांधाचा किंवा घरवाटणीचा कज्जा क्षणात संपतो. मात्र खरे कोणाचे आणि खोटे कोणाचे, याचा निवाडा त्या दोन ओळींत कोठेच नसतो.

असे कागद आपल्यापैकी पुष्कळांच्या घरी पेटीच्या तळाशी पडून असतील. वडिलांनी दावा लावलेला असतो; मुलगे पोटासाठी परगावी जातात; वकिलाची फी आणि जाण्यायेण्याचा खर्च डोईजड होतो. मग एक तारीख चुकते, दुसरीही चुकते. कोर्टाचे काम चालूच आहे, या समजुतीवर घर निर्धास्त असते. न्यायालयाने मात्र कोठवर थांबावे? प्रतिवादीसही दर तारखेला हातचे काम टाकून यावे लागते, हे आपण विसरता कामा नये.

याविषयीची तरतूद १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेच्या नवव्या आदेशात आहे. सुनावणीच्या दिवशी दोन्ही पक्ष गैरहजर राहिले, तर न्यायालय दावा काढून टाकू शकते. परंतु कायद्याची मुदत शिल्लक असल्यास वादीस नवा दावा लावता येतो. वादी गैरहजर आणि प्रतिवादी हजर असेल, तर प्रकरण अधिक गंभीर होते. प्रतिवादीने मागणी मान्य केली नसेल, तर दावा काढून टाकला जातो आणि त्याच कारणावरून नवा दावा लावता येत नाही.

तरीही सारेच संपले असे समजू नये. गैरहजेरीस पुरेसे कारण होते, असे दाखविल्यास तोच दावा पुन्हा चालू करून घेता येतो. त्यासाठी अर्जाची मुदत ३० दिवसांची आहे. ती उलटली, तर झालेल्या विलंबाचेही कारण पटवून द्यावे लागते.

वादी मरण पावला तर काय? तो एकटाच वादी असेल आणि हक्क वारसांकडे जात असेल, तर ९० दिवसांत वारसांची नावे दाव्यात लावण्यासाठी अर्ज करावा लागतो. तो न केल्यास दावा आपोआप रद्द होतो. हे रद्द होणे दूर करून घेण्यास पुढे ६० दिवस मिळतात. घरावर दुःख कोसळले असता कागदांची आठवण कोणास होणार? म्हणूनच दाव्याचा क्रमांक आणि वकिलाचे नाव घरातील दोघांतिघांना ठाऊक असावे.

वकीलच आला नाही, तर पक्षकाराचा काय अपराध? १९८१ साली रफिक विरुद्ध मुन्शीलाल या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने निरपराध पक्षकारास वकिलाच्या कसुरीची शिक्षा होऊ नये, असे ठरविले. पण या आधारावर घरी बसून राहणे शहाणपणाचे नव्हे. पुढील तारीख आता भ्रमणध्वनीवरही पाहता येते. पैशाची अडचण असल्यास तालुक्याच्या विधी सेवा समितीकडे जावे. १९८७ च्या कायद्यान्वये स्त्रियांस उत्पन्नाची अट न घालता मोफत वकील मिळू शकतो.

आणि भांडण पुढे चालवावयाचेच नसेल, तर तेही रीतसर करावे. भाऊबंदांत समेट झाला असेल, तर तो लेखी करून न्यायालयात नोंदवावा, म्हणजे तसा हुकूमनामा होतो. दाव्यात काही तांत्रिक उणीव राहिली असेल, तर नवा दावा लावण्याची परवानगी मागून तो काढून घेता येतो. भांडण सोडून देण्यात कमीपणा नाही. मात्र ते आपण विचारपूर्वक सोडलेले असावे. चुकलेल्या तारखेने ते आपल्या हातून सोडवून घेऊ नये. या आठवड्यात ती पेटी एकदा उघडून पाहावी, एवढीच आमची विनंती.