वाशिमची खोरी आणि शांत कॅमेरा

वाशिमच्या निसर्गावर लघुपट करायचाय? मग आधी पाणी कुठं जातं ते बघा. इथला पाऊस दोन वाटांनी जातो: काटेपूर्णेचं पाणी उत्तरेला पूर्णेतून तापीत, तर अडाण, अरुणावतीचं पैनगंगेमार्गे गोदावरीत. एवढ्या एका गोष्टीवरही लघुपट उभा राहतो!

ड्रोन आणि निवेदन बाजूला ठेवा. ट्रायपॉड लावा, शॉट मिनिटभर तरी चालू द्या. सोयाबीन पिवळं पडतं तेव्हा मधल्या तासांतली तूर हिरवीगार असते; सकाळच्या तिरप्या उन्हात हे पट्टे झकास उठून दिसतात. आवाज जागेवरच घ्या: मळणीयंत्राची घरघर, बैलांच्या घुंगरमाळा. उघड्या शिवारात वारा सगळं रेकॉर्डिंग खातो, म्हणून माइकला केसाळ कव्हर हवंच.

अभ्यासासाठी नागराज मंजुळेंचा 'पावसाचा निबंध' बघा. 65व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत नॉन-फीचर विभागात त्याला दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाला. डोंगरातला देखणा पाऊस गळक्या घरात शिरला की काय होतं, ते त्यात दिसतं. माणसाशिवाय खोरं म्हणजे नुसतं कॅलेंडर!

तुमच्या शिवारातला मिनिटभराचा एक शॉट कमेंटमध्ये टाका. गावाचं नाव लिहायला विसरू नका.