दोन डोळे, बारा हात

चित्रपट पाहताना नट आपल्या डोळ्यांसमोर असतो. परंतु त्याच्या मुखी शब्द घालणारा लेखक मात्र दृष्टीआड राहतो. चित्रपटासाठी कोणता प्रसंग आधी यावा, कोणता नंतर यावा, कोणी केव्हा बोलावे व केव्हा मौन धरावे, हे सर्व ज्या लेखनात ठरविलेले असते, त्याला पटकथा म्हणतात. आराखड्यावाचून जसे घर उभे राहत नाही, तसा पटकथेवाचून चित्रपटही उभा राहत नाही. मराठीत ही कला ज्यांनी नावारूपास आणली, त्यांत गजानन दिगंबर माडगूळकर यांचे स्थान फार मोठे आहे.

त्यांचा जन्म १ ऑक्टोबर १९१९ रोजी शेटफळे या गावी झाला. माडगूळ हे त्यांचे गाव. हा सारा मुलूख दुष्काळी माणदेशातला. घरची गरिबी होती. पण शब्दांचे धन उदंड होते. त्यांच्या मातोश्री स्वतः ओव्या रचीत. खानदेशातील असोद्याच्या बहिणाबाईंनी जात्यावर जी वाणी फुलविली, तशाच घरगुती वाणीचे संस्कार या मुलावर झाले.

मॅट्रिकच्या परीक्षेत गजाननाला अपयश आले. पोटासाठी काहीतरी करणे भाग होते. कोल्हापूर हे त्या काळी मराठी चित्रपटाचे माहेरघर. तेथे १९३८ साली 'ब्रह्मचारी' या चित्रपटात त्यांना एक लहानशी भूमिका मिळाली. नट म्हणून फार मोठे यश पदरी पडले नाही. परंतु त्यांनी हे दिवस वाया जाऊ दिले नाहीत. थोर साहित्यिक वि. स. खांडेकर यांचे लेखनिक म्हणून त्यांनी काम केले. दुसऱ्याचे शब्द उतरवून घेता घेता स्वतःचे शब्द कसे घडवावेत, हे ते शिकले. १९४७ च्या 'लोकशाहीर रामजोशी' या चित्रपटाचे लेखन त्यांनी केले व त्यात भूमिकाही केली. या चित्रपटाने त्यांचे नाव घरोघरी पोहोचविले.

पुढच्याच वर्षी मोठा आघात झाला. महात्मा गांधींच्या हत्येनंतर उसळलेल्या जाळपोळीत माडगूळकरांचे गावाकडील घर भस्मसात झाले. अशा वेळी माणुसकीवरचा विश्वास उडाला, तर नवल नव्हे. माडगूळकरांची लेखणी मात्र कडवट झाली नाही.

त्यांच्या गावापासून जवळच, आटपाडीच्या परिसरात, औंध संस्थानाने १९३९ साली स्वतंत्रपूर नावाची वसाहत स्थापन केली होती. तेथे कैद्यांना भिंतीआड न कोंडता शेतीच्या कामास लावीत. शिक्षेपेक्षा विश्वासाने माणूस लवकर सुधारतो, हे या प्रयोगामागील तत्त्व होते. याच प्रयोगावरून माडगूळकरांनी 'दो आँखें बारह हाथ' या चित्रपटाची कथा लिहिली. एक तुरुंगाधिकारी खुनाची शिक्षा झालेल्या सहा कैद्यांना ओसाड माळावर नेतो. त्याचे दोन डोळे, त्यांचे बारा हात! हातांत बेड्या नाहीत. पहारा आहे तो केवळ त्या डोळ्यांतील विश्वासाचा. हळूहळू माळ हिरवा होतो आणि त्याबरोबर माणसेही पालटतात. व्ही. शांताराम यांनी १९५७ साली हा चित्रपट पडद्यावर आणला. त्यास राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळाले, आणि १९५८ साली बर्लिनच्या चित्रपट महोत्सवातही त्याचा गौरव झाला. घर जळालेल्या लेखकाने जगाला दिलेले हे उत्तर होते.

माडगूळकरांनी दीडशेहून अधिक मराठी चित्रपटांसाठी लेखन केले. दिग्दर्शक राजा परांजपे व संगीतकार सुधीर फडके यांच्यासह त्यांनी 'लाखाची गोष्ट' (१९५२) आणि 'जगाच्या पाठीवर' (१९६०) असे लोकप्रिय चित्रपट दिले. १९५५-५६ साली पुणे आकाशवाणीवरून त्यांचे 'गीतरामायण' प्रसारित झाले. त्यातील छप्पन्न गीतांनी अवघा महाराष्ट्र भारावून गेला. १९६९ साली त्यांना 'पद्मश्री' हा किताब मिळाला. १४ डिसेंबर १९७७ रोजी पुणे येथे त्यांचे निधन झाले.

परीक्षेतील एक अपयश म्हणजे आयुष्याचा शेवट नव्हे, आणि अन्यायाला द्वेष हेच एक उत्तर नव्हे, हे माडगूळकरांचे जीवन आपणांस सांगते.