बटेर पालनासाठी स्वस्तात शेड कसं उभारायचं? नाशिकच्या कांदाचाळीत दडलंय उत्तर

"छोट्याशा खोलीत बटेर पाळा आणि महिन्याला लाखो कमवा!" अशी एखादी रील तुमच्याही मोबाईलवर येऊन गेली असेल. त्यात चकचकीत पिंजरे दिसतात, ठिपक्याठिपक्यांच्या अंड्यांचे ट्रे दिसतात. दिसत नाही तो रात्री आत शिरलेला उंदीर, निफाडची पहाटेची थंडी आणि मे महिन्यात तापलेला मालेगावचा पत्रा.

बटेर पालनात पहिला मोठा खर्च असतो निवाऱ्याचा. अनेक जण इथंच चुकतात. कुणी कर्ज काढून पक्कं शेड बांधतं, तर कुणी जुन्या खुराड्यात पक्षी सोडून देतं. पहिल्याचे पैसे अडकतात, दुसऱ्याचे पक्षी मरतात.

मग कमी खर्चात टिकाऊ निवारा कसा उभारायचा? त्यात पैसे कुठे वाचवायचे आणि कुठे अजिबात वाचवायचे नाहीत? नाशिक जिल्ह्यातलं उदाहरण घेऊन समजून घेऊया.

आधी हे बघा: बटेर म्हणजे नेमका कोणता पक्षी?

आपल्याकडे माळरानावर, पिकांत जो लाव्हा दिसतो, तो पाळायचा पक्षी नाही. रानातल्या लाव्ह्यांना वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ नुसार संरक्षण आहे. त्यांना जाळं लावून पकडणं, विकणं किंवा पाळणं हा गुन्हा आहे.

पाळला जातो तो जपानी बटेर. १९७४ साली उत्तर प्रदेशात बरेलीजवळच्या इज्जतनगर इथं हा पक्षी संशोधनासाठी परदेशातून आणला गेला. पुढे तिथल्या केंद्रीय पक्षी संशोधन संस्थेनं त्याच्या सुधारित जाती तयार केल्या.

२०११ मध्ये केंद्रीय पर्यावरण मंत्रालयाच्या सूचनेमुळे जपानी बटेर पालनही अडचणीत आलं होतं. २०१३ च्या अखेरीस मंत्रालयानं हा पाळीव पक्षी असल्याचं मान्य केलं आणि मार्ग मोकळा झाला. म्हणून पक्षी हॅचरीतूनच घ्या आणि पावती जपून ठेवा. उद्या कुणी विचारलं, तर तोच तुमचा पुरावा.

कोंबडीचं खुराडं बटेरला का चालत नाही?

कोंबडी दिवसभर अंगणात फिरते आणि तिन्हीसांजेला आपणहून खुराड्यात येते. बटेर तसं करत नाही. एकदा दारातून बाहेर पडला, की तो गेलाच म्हणून समजा. त्यामुळे बटेरला मोकळं सोडता येत नाही. त्याचं सगळं आयुष्य तुम्ही बांधलेल्या निवाऱ्यातच जातं.

दुसरी गोष्ट त्याच्या घाबरण्याची. अचानक आवाज झाला की बटेर सरळ वर उसळतो. पिंजऱ्याची उंची दोन-अडीच फूट असेल, तर त्याला वेग घ्यायला जागा मिळते आणि डोकं जाळीवर आपटून तो जखमी होतो किंवा मरतो. म्हणून पिंजरा बुटका, साधारण १० इंच उंचीचा ठेवतात.

पण याच स्वभावामुळे काही खर्च वाचतातही. बटेर कोंबडीसारखा दांडीवर बसत नाही, त्यामुळे दांड्या लागत नाहीत. जपानी बटेरची मादी सहसा अंड्यांवर बसत नाही, त्यामुळे खुडुकासाठी वेगळे खोके लागत नाहीत. फक्त खाण्याची अंडी विकायची असतील, तर नरांचीही गरज नाही. साधारण तीन-चार आठवड्यांनंतर छातीच्या पिसांवरून ओळख पटते. नराची छाती तांबूस असते, मादीच्या छातीवर काळे ठिपके असतात.

१०० पक्ष्यांना किती जागा लागते?

मोठ्या बटेरचं वजन साधारण १५० ते २०० ग्रॅम असतं. एका चौरस फुटात सहा पक्षी ठेवता येतात असं सांगितलं जातं. पण उन्हाळ्याचा आणि नवख्या माणसाचा विचार करता, चौरस फुटाला चार पक्षी हा हिशेब बरा.

म्हणजे १०० पक्ष्यांना २५ चौरस फूट जागा लागेल. ५ फूट लांब आणि अडीच फूट खोल असा दोन मजली पिंजरा केला, की तेवढी जागा मिळते. अडीच फूट खोली अशासाठी, की मागच्या कोपऱ्यातल्या पक्ष्यापर्यंत हात पोहोचला पाहिजे.

खालचा मजला जमिनीपासून दीड-दोन फूट वर घ्या, म्हणजे खालून झाडता येतं. दोन्ही मजल्यांखाली विष्ठेसाठी ओढून काढता येईल असा ट्रे हवा. हा पिंजरा ८ बाय १० फुटांच्या शेडमध्ये आरामात बसतो. माणसाला वावरायला, खाद्याच्या डब्याला आणि पुढेमागे दुसऱ्या पिंजऱ्यालाही जागा उरते.

कांदाचाळीकडून काय शिकायचं?

आता मुद्दा ८ बाय १० च्या शेडचा. लासलगाव, येवला, चांदवड, सटाणा भागात ज्यानं कांदाचाळ पाहिली आहे, त्याला अर्धं उत्तर आधीच ठाऊक आहे.

कांदा का सडतो? ओल, कोंडलेली हवा आणि उष्णता यांमुळे. बटेरचे शत्रूही तेच. विष्ठा ओली राहिली आणि हवा कोंडली, की अमोनिया तयार होतो. आत शिरताच डोळे चुरचुरले, तर समजायचं की पक्षी रात्रंदिवस तोच वायू श्वासात घेत आहेत.

म्हणून चाळीच्या चार गोष्टी जशाच्या तशा उचलायच्या:

१. जमिनीपासून उंची: चाळीचा तळ जमिनीपासून वर असतो. शेडचं जोतंही आजूबाजूच्या जमिनीपेक्षा फूट-दीड फूट वर घ्या.

२. हवेशीर बाजू: चाळीच्या बाजूंना फटी ठेवून बांबू किंवा लाकडी पट्ट्या मारतात. शेडला खाली फूट-दीड फुटाची भिंत आणि वर छपरापर्यंत जाळी ठेवा.

३. दिशा: दोन पाखी चाळ पूर्व-पश्चिम बांधायला सांगतात. शेडची लांब बाजूही पूर्व-पश्चिम ठेवा. त्यामुळे सकाळ-संध्याकाळचं तिरपं ऊन आत कमी येतं आणि पश्चिमेकडून येणाऱ्या पावसाची झड अरुंद बाजूवर पडते.

४. पुढे आलेलं छप्पर: वळचण दोन-तीन फूट बाहेर काढा. पाऊस आणि ऊन दोन्ही बाहेरच राहतात.

मग रिकाम्या चाळीतच पक्षी ठेवले तर? उन्हाळ कांदा बाहेर पडल्यावर चाळ काही महिने रिकामी असते. पण एप्रिलमध्ये पुन्हा कांदा येतो, तेव्हा पक्षी कुठे नेणार? शिवाय साठवलेल्या कांद्याशेजारी विष्ठा नको. चाळ अनुदानातून बांधलेली असेल, तर वापर बदलण्याआधी कृषी विभागाच्या कार्यालयात विचारा.

पैसे कुठे वाचवायचे?

खांबांवर आणि सांगाड्यावर. नाशिकमध्ये द्राक्षबाग काढली, की लोखंडी अँगल, तारा आणि बांबू भंगारात निघतात. हे अँगल शेडचे खांब म्हणून वर्षानुवर्षं टिकतात. पेठ, सुरगाणा भागातला बांबूही छपराच्या वाशांना चालतो, फक्त जमिनीत गाडलेला भाग लवकर कुजतो. म्हणून खांब लोखंडी आणि वरचं काम बांबूचं, ही जोडी चांगली.

दारं, खाद्याची भांडी, ट्रे हेही जुन्या सामानातून होतं. अपवाद एकच. औषध फवारणीचे डबे, ड्रम किंवा पोती कितीही धुतली तरी वापरायची नाहीत. शेडही बागेच्या बांधाला चिकटून नको, नाहीतर फवारणीचे तुषार वाऱ्यानं आत येतात.

आणि कुठे वाचवायचे नाहीत?

जाळीवर. कोंबड्यांसाठीची षटकोनी जाळी स्वस्त मिळते, पण तिच्या मोठ्या छिद्रांतून उंदीर आणि साप सहज आत येतात. प्लास्टिकची जाळी तर उंदीर कुरतडतातच. अर्धा इंच चौकोनाची वेल्डमेश जाळी घ्या. पिंजऱ्याच्या तळालाही हीच जाळी चालते. विष्ठा खाली पडते, अंडं पडत नाही.

शेडच्या भिंतीला आणि छपराला जिथं फट राहते, तिथं बोट जात असेल तर उंदराचं पिल्लूही जाईल. अशा फटी सिमेंटनं किंवा पत्र्याच्या पट्टीनं बंद करा. पिंजऱ्याचे पाय पाण्याच्या वाटीत ठेवले, की मुंग्या चढत नाहीत. लहान पिल्लांना मुंग्याही मारू शकतात.

दाराला आतून दुसरं जाळीचं दार किंवा जाड पडदा लावा. एक बंद केल्याशिवाय दुसरं उघडायचं नाही. दाणे टाकताना सुटलेला पक्षी मग शेडमध्येच राहतो.

जिल्हा एक, हवामान तीन

नाशिक जिल्ह्यात एकच नकाशा सगळीकडे चालणार नाही.

इगतपुरी, त्र्यंबक, पेठ, सुरगाणा: इगतपुरीत वर्षाला ३,००० मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. इथं जोतं उंच आणि वळचण लांब हवी. पश्चिमेची बाजू पावसाळ्यात ताडपत्रीनं झाकता यावी. पक्षी जमिनीवर ठेवणार असाल तर भाताचं तूस अंथरा. घोटीच्या भात गिरण्यांमुळे ते जवळच मिळतं. ओलं झालेलं तूस मात्र लगेच बदला.

निफाड, दिंडोरी: निफाडचा पारा ५ अंशांच्या खाली गेल्याच्या बातम्या हिवाळ्यात आपण वाचतो. द्राक्ष वाचवायला शेतकरी बागेत शेकोट्या पेटवतात. पण बंद शेडमध्ये शेगडी कधीच पेटवू नका. कार्बन मोनॉक्साईडनं पक्षी मरतील आणि आत झोपलेला माणूसही. त्यापेक्षा बाजूंना गोणपाटाचे पडदे लावा. पडदा खालून वर ओढायचा आणि वर वीतभर जागा उघडी ठेवायची. थंड वारा पक्ष्यांना लागत नाही आणि कोंडलेली हवा वरून निघून जाते.

मालेगाव, नांदगाव, येवला: मालेगावचं तापमान उन्हाळ्यात ४२ अंशांच्या पुढे जातं. इथं नुसता पत्रा म्हणजे भट्टी. पत्रा स्वस्त पडतो म्हणून घेतला, तर त्यावर उसाचं पाचट किंवा गवताचा जाड थर टाका, वरून जाळीनं बांधा. पत्र्याला चुन्याचा पांढरा हात दिला तरी फरक पडतो. शेजारी सावलीचं झाड असेल, तर ती जागा सोडू नका.

पिल्लं आणताना बल्बचा घोळ

अंड्यातून बाहेर आलेलं बटेरचं पिल्लू जेमतेम ७-८ ग्रॅमचं असतं. पहिल्या आठवड्यात त्याला ३५ ते ३७ अंशांची ऊब लागते, पुढे दर आठवड्याला ती थोडी थोडी कमी करतात.

जुन्या माहितीत "बल्ब लावा" एवढंच लिहिलेलं असतं. तो पिवळा, तापणारा बल्ब. आज घरात एलईडी असतो, तो उजेड देतो पण पुरेशी ऊब देत नाही. उबेसाठी वेगळा हीटिंग बल्ब किंवा ब्रूडर लागतो. शेतीपंपाच्या लाईनवर वीज ठराविक तासच असते, त्यामुळे पिल्लांची पेटी घराच्या विजेवरच ठेवा.

पिल्लं एकमेकांवर चढून गोळा झाली तर थंडी वाजतेय, चोच उघडी ठेवून लांब पळाली तर गरम होतंय. पाण्याच्या भांड्यात स्वच्छ खडे किंवा गोट्या टाका, नाहीतर पिल्लं त्यात बुडतात. सुरुवातीला जाळीवर कागद अंथरा, म्हणजे पाय अडकत नाहीत.

हे सगळं पहिल्याच वेळी जमेल याची खात्री नसेल, तर पहिली खेप तीन-चार आठवड्यांच्या पक्ष्यांची घ्या. प्रत्येक पक्ष्यामागे थोडे जास्त पैसे जातील, पण ब्रूडरचा खर्च आणि सगळ्यात मोठी मरतूक टळेल.

बांधण्याआधी हा हिशेब करा

बटेरची मादी सहा-सात आठवड्यांत अंडी द्यायला लागते आणि वर्षाला २५० ते २८० अंडी देते. त्यासाठी रोज १४ ते १६ तास उजेड लागतो आणि त्या कामाला एलईडी पुरेसा आहे. १०० माद्या म्हणजे रोजची साधारण ७० अंडी, आठवड्याला ५०० च्या आसपास. त्यांना रोज तीन किलोच्या आसपास खाद्य लागेल, अंडी विकली जावोत वा न जावोत.

एका कोंबडीच्या अंड्याएवढं वजन भरायला साधारण पाच बटेर अंडी लागतात. तुमच्या गावात आठवड्याला ५०० अंडी कोण घेणार? नाशिक शहरातलं हॉटेल, मटणाचं दुकान, आठवडे बाजार? शेडचा पहिला खड्डा खणण्याआधी दोन-तीन गिऱ्हाइकांशी बोलून या.

"पक्षी आम्ही देतो, अंडी आम्हीच परत घेतो" असं कुणी म्हणालं, तर आणखी सावध व्हा. २०१९ मध्ये सांगली-कोल्हापूर भागात कडकनाथ कोंबडीच्या अशाच योजनेत पैसे अडकल्याच्या तक्रारी शेकडो शेतकऱ्यांनी केल्या होत्या आणि पोलिसांत गुन्हेही दाखल झाले. अनेकांनी आधी शेडवर खर्च केला होता.

आणखी एक. बटेर आणि कोंबड्या एकाच शेडमध्ये ठेवू नका. २००६ मध्ये नंदुरबार जिल्ह्यातल्या नवापूरला देशातला पहिला बर्ड फ्लू आढळला आणि परिसरातल्या लाखो कोंबड्या माराव्या लागल्या. बटेरलाही हा रोग होतो. पक्षी अचानक मरू लागले, तर जवळच्या पशुवैद्यकीय दवाखान्यात लगेच कळवा.

थोडक्यात काय, तर स्वस्त शेड म्हणजे तकलादू शेड नव्हे. एका रात्रीत पक्षी जाणार नाहीत आणि धंदा चालला नाही तरी अंगावर येणार नाही, ते खरं स्वस्त. अँगलचे खांब, चांगली जाळी आणि उंच जोतं असलेल्या ८ बाय १० च्या शेडमध्ये बटेर नाही चालले, तर उद्या गावरान कोंबड्या राहतील, शेळीची करडं राहतील, नाहीतर कांदा तरी राहीलच.