मॉड मॅनेजर निवडताना

‘स्कायरिम’मध्ये (२०११) मॉडच्या फायली हाताने ‘डेटा’ फोल्डरमध्ये टाकू नका. काढताना नाकी नऊ येतात. मॅनेजर वापरा.

● व्हॉर्टेक्स : नवशिक्यांना सोपा, अनेक गेमना चालतो. हार्ड लिंक वापरत असल्याने मॉडचे फोल्डर गेमच्याच ड्राइव्हवर ठेवा.

● मॉड ऑर्गनायझर २ : मुख्यतः बेथेस्डाच्या गेमसाठी. प्रत्येक मॉड स्वतंत्र फोल्डरमध्ये राहतो, मूळ फायलींना धक्का लागत नाही. गेम मात्र यातूनच सुरू करा, नाहीतर मॉड लागूच होणार नाहीत.

● क्रम : दोन मॉडमध्ये एकच फाइल असेल, तर प्राधान्य असलेल्याची चालते. प्लगिनचा क्रम ‘लूट’ हे साधन लावून देते.

● खबरदारी : एक मॉड टाका, गेम चालवून पाहा, मगच पुढचा. स्क्रिप्ट असलेला मॉड खेळ अर्ध्यावर असताना काढू नका; सेव्ह बिघडू शकते.